टँक नसलेला डबा

निन्टेंडोच्या त्या तळहातावर मावणाऱ्या करड्या डब्यात तीस गेम आहेत, आणि त्यात टँक नाही. नव्वदच्या दशकात जे शाळेत होते त्यांना एवढं वाक्य पुरेल. पण या पानावर नियमित येणारे आमचे बरेच सिनियर आणि पेन्शनीत गेलेली मंडळी त्याच्या आधीच्या पिढीतली आहेत, त्यांच्यासाठी थोडं सविस्तर सांगतो.

त्या काळी टीव्हीला जोडायचा 'व्हिडिओ गेम' मिळायचा. कुणाकडं 'मीडिया'चा, कुणाकडं 'लिटल मास्टर', तर कुणाकडं नावच नसलेला. वरून कॅसेट खुपसायची, चालली नाही तर काढून तिच्यात फुंकर मारायची आणि पुन्हा खुपसायची. कॅसेटवर '९९९९ इन १' असं ठळक छापलेलं असायचं आणि आत गेम असायचे पंधरा-वीस. तेच गेम वेगळ्या नावानं पुढच्या पानावर पुन्हा यायचे. ज्याच्या घरी हा डबा, त्याच्या घरी मे महिन्यात गल्लीतली सगळी पोरं. ज्यांच्या घरी नाही ते तासावर पैसे मोजून दुकानात खेळायचे. हे सगळे डबे म्हणजे जपानच्या निन्टेंडो कंपनीनं १९८३ साली काढलेल्या फॅमिकॉम नावाच्या यंत्राच्या नकला होत्या, हे आम्हाला फार उशिरा कळलं.

त्या कॅसेटमधला सगळ्यात लाडका गेम टँक. खरं नाव 'बॅटल सिटी', नामको कंपनीनं १९८५ मध्ये काढलेला. खाली मधोमध विटांच्या भिंतीआड एक गरुड, तो आपला तळ. वरून शत्रूचे रणगाडे येतात, दोघांनी मिळून तळ राखायचा. आपलीच गोळी गरुडाला लागली तरी खेळ संपला. जोडीदाराला लागली तर तो काही क्षण जागच्या जागी गोठतो, आणि तेवढ्यात शत्रू आत शिरतो. फौजेत भरती झाल्यावर 'आपल्या माणसांची पोझिशन आधी बघा, मग ट्रिगर' हे जेव्हा उस्तादांनी पहिल्यांदा सांगितलं तेव्हा मला हा गेम आठवला होता, हे मी त्यांना अर्थातच सांगितलं नाही.

आता डब्याकडं येतो. नोव्हेंबर २०१६ मध्ये निन्टेंडोनं आपल्या जुन्या यंत्राची छोटी आवृत्ती बाजारात आणली, एनईएस क्लासिक. कॅसेट नाही, तीस गेम आतच भरलेले, एचडीएमआयची केबल टीव्हीला लावायची आणि खेळायचं. अमेरिकेत किंमत साठ डॉलर. लोकांच्या इतक्या उड्या पडल्या की कंपनीनं तेवीस लाख डबे विकून एप्रिल २०१७ मध्ये उत्पादनच थांबवलं आणि मग २०१८ मध्ये पुन्हा सुरू केलं. पाठोपाठ एकवीस गेमचा सुपर निन्टेंडो आला, सोनीचा वीस गेमचा प्लेस्टेशन क्लासिक आला, सेगाचा बेचाळीस गेमचा मेगा ड्राइव्ह मिनी आला. या सगळ्या डब्यांत विकायचा माल एकच आहे, आठवण. आणि माझा मुद्दा तिथूनच सुरू होतो. आठवण कुणाची?

अमेरिकेतला डबा आणि जपानमधला डबा यांत बावीस गेम सारखे आहेत, आठ वेगळे. अमेरिकेच्या डब्यात त्यांच्या पद्धतीचं फुटबॉल आहे, ज्यात चेंडू हातात घेऊन पळतात. जपानच्या डब्यात सुमो कुस्ती आहे. म्हणजे कंपनीला नीट माहीत आहे की टोकियोतल्या पोराचं बालपण वेगळं आणि शिकागोतल्या पोराचं वेगळं. कराड, जालंधर आणि इम्फाळमधल्या पोरांचं बालपण मात्र या हिशेबात कुठंच नाही. आमचा टँक नाही, बाँबरमॅन नाही, ती लाल गाडी पळवायचा रोड फायटर नाही, सर्कसवाला चार्ली नाही. कॉन्ट्रा नाही, त्याचा दुसरा भाग तेवढा आहे. बदकं मारायचा डक हंटही नाही, पण त्याबद्दल तक्रार नाही. ती बंदूक जुन्या काचेच्या टीव्हीच्या प्रकाशावर चालायची. ट्रिगर दाबला की पडदा क्षणभर काळा व्हायचा, बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटायचा आणि बंदुकीतला डोळा तो टिपायचा. आजच्या सपाट टीव्हीवर ही वेळ जुळत नाही, नेम कितीही चांगला असो.

या डब्याचा माझा संबंध सरळ आहे. आमच्या एका साहेबांकडं तो होता, परदेशातल्या भावानं दिलेला. बदलीवर जाताना त्यांनी तो पोस्टच्या मनोरंजन खोलीला देऊन टाकला. ठिकाण नेहमीप्रमाणे लिहीत नाही. एवढंच सांगतो की हिवाळ्यात इथला रस्ता बंद होतो, छत्रीवर बर्फ साठलं की डिश चालत नाही, आणि कॅरमच्या सोंगट्या इतक्या वेळा हरवल्यात की आता एका बाजूला बाटलीची झाकणं खेळतात. अशा ठिकाणी हा डबा म्हणजे पर्वणी. पॉवर बँकेवरसुद्धा चालतो, वीज खातो तो टीव्ही. प्रत्येक गेम चार ठिकाणी आहे तिथं थांबवून जपून ठेवता येतो. अर्ध्यात ड्युटीची हाक आली तर बटण दाबायचं आणि निघायचं. दोन दिवसांनी परत आलं तरी मारिओ त्याच पाइपवर उभा असतो.

आणखी एक गुण, जो फौजीलाच कळेल. या डब्यात वाय-फाय नाही, नेट नाही, कॅमेरा नाही, कुणाशी बोलायची सोय नाही. जुलै २०२० मध्ये फौजेनं ८९ ॲप मोबाइलवरून काढून टाकायला सांगितली, त्यात पब्जीही होता. तेव्हा पोरं हिरमुसली होती. मी तेव्हाही म्हणालो होतो आणि आजही म्हणतो, जो खेळ तुम्ही कुठं बसलात हे कुणाला तरी कळवत असतो तो खेळ पोस्टवर नको. निन्टेंडो आता हेच जुने गेम वर्गणीवर देते, पण त्या यंत्राला सात दिवसांतून एकदा नेटवर हजेरी लावावी लागते. सात दिवस! इथं महिनाभर वर्तमानपत्र येत नाही.

तर डबा आला, आणि पहिल्याच आठवड्यात पंजाबचा आमचा नायक म्हणाला, "साब, इसमें टैंक वाली गेम नहीं है. डाल सकते हैं क्या?" तमिळनाडूचा लान्स नायक टँक हा शब्द ऐकून नुसता हसला, त्याला बाकी काही सांगावं लागलं नाही. मणिपूरचा पोरगा म्हणाला त्याच्या घरचा सेट मोरेच्या बाजारातून आला होता, आणि त्याच्या कॅसेटमध्येही पहिल्या पानावर टँकच. माझ्या गावात तो सेट कोल्हापूरहून आला होता. चार कोपऱ्यांतले चार जण, भाषा वेगळी, जेवण वेगळं, आणि कॅसेट एकच. देशाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत हे काम कुठल्याही कंपनीच्या अधिकृत विक्रेत्यानं केलेलं नाही. ते नकली कॅसेट बनवणाऱ्यांनी केलं. हे चांगलं झालं असं मी म्हणत नाही, पण झालं ते असं झालं.

डब्यात टँक घालता येतो का? येतो. डबा बाजारात आल्यावर दोन महिन्यांच्या आत रशियातल्या एका हौशी माणसानं संगणकावरून डब्यात गेम चढवायचा प्रोग्राम करून लोकांना फुकट देऊन टाकला, हाकची नावाचा. डब्याच्या आत पाहिलं तर चार कोअरचा साधा मोबाइलसारखा प्रोसेसर, लिनक्स, आणि ५१२ एमबी साठवण. मूळ गेम त्यातली फार थोडी जागा खातात. अख्खा टँक २४ केबीत बसतो. पहिला सुपर मारिओ ४० केबीत. रोज सकाळी फॅमिली ग्रुपवर जे 'शुभ सकाळ'चं फूल येतं, त्याचं वजन बहुतेक वेळा याहून जास्त असतं. म्हणजे जागा नाही ही अडचण नव्हतीच. कंपनीनं तीसवर दार लावून घेतलं ते स्वतःच्या मर्जीनं.

दार उघडं ठेवूनही धंदा होतो, याचे दाखले आहेत. २०१८ मध्ये कमोडोर ६४ या जुन्या संगणकाची छोटी आवृत्ती निघाली, द सी-६४ मिनी. त्यात चौसष्ट गेम भरलेले, आणि शिवाय कंपनीनंच सोय दिली की पेन ड्राइव्हवरून तुमच्याकडचे गेम लावा. त्यांनीच २०२२ मध्ये अमिगाची छोटी आवृत्ती काढली, पंचवीस गेम आणि वर हेच उघडं दार. या कंपनीला त्यामुळं काही तोटा झाला असता तर दुसऱ्यांदा तिनं तसं केलं नसतं.

सोनीचा किस्सा तर ऐकण्यासारखा आहे. प्लेस्टेशन क्लासिक डिसेंबर २०१८ मध्ये शंभर डॉलरला आला. त्यातले काही गेम युरोपच्या टीव्हीसाठी बनवलेल्या पन्नास हर्ट्झच्या आवृत्तीतले, म्हणजे अमेरिकेतल्या खेळाडूला ते रांगत चालल्यासारखे वाटायचे. आणि जुन्या यंत्राची नक्कल करणारा जो प्रोग्राम आत वापरला होता, तो सोनीचा नव्हताच. हौशी लोकांनी वर्षानुवर्षं घासूनपुसून सगळ्यांसाठी खुला ठेवलेला पीसीएसएक्स रीआर्म्ड होता. म्हणजे ज्या हौशी मंडळींकडं या कंपन्या चोर म्हणून बघतात, त्यांच्याच घरचं पीठ घेऊन भाकरी थापली. परवान्याप्रमाणे त्यात गैर काही नाही. पण मग निदान कपाळाला आठ्या घालू नका.

इथपर्यंत वाचून कुणाला वाटेल की मी आता म्हणणार, घाला बिनधास्त. तसं नाही. माझं मत दोन पायांवर उभं आहे आणि दोन्ही पाय सांगायला हवेत.

डब्यात गेम घालणं हे मला गैर वाटत नाही. डबा माझा आहे, पैसे मोजलेले आहेत. मी त्यात स्क्रू लावला काय किंवा गेम लावला काय. प्रश्न येतो तो घातलेला गेम कुठून आला याचा, आणि तिथं आपण भारतीय मंडळी जरा अडचणीत आहोत. परदेशातले हौशी लोक सांगतात, माझ्याकडं मूळ कॅसेट आहे, तिची प्रत मी माझ्यासाठी काढतो. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातही, कलम ५२ मध्ये, प्रोग्रामची वैध प्रत ज्याच्याकडं आहे त्याला ती हरवली-बिघडली तर म्हणून राखीव प्रत ठेवायची मुभा आहे. वैध प्रत, हा शब्द बघा. आमच्या पोटमाळ्यावर अजून कॅसेट सापडतीलही, पण त्या '९९९९ इन १'. चोरीच्या गायीचं वासरू दारात जन्मलं म्हणून आपलं होत नाही. निन्टेंडोनं भारतात कधी धडपणे दुकान मांडलं नाही हे खरं, त्यामुळं मूळ कॅसेट आपल्याकडं फारशी आलीच नाही हेही खरं. पण 'मी तेव्हा विकत घेतलं होतं' हा युक्तिवाद आपल्यापैकी जवळजवळ कुणालाच करता येत नाही.

दुसरा युक्तिवाद असा की कंपनी विकतच नाही, मग आम्ही काय करायचं? यात दम आहे. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेनं २०२३ मध्ये पाहणी करून सांगितलं की २०१० च्या आधी तिथं निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज अधिकृतपणे विकतच मिळत नाहीत. शंभरातले सत्त्याऐंशी. जुन्या मराठी नाटकांच्या संहिता किंवा मूकपटांची रिळं अशीच गेली, आणि जी वाचली ती कुणा वेड्याच्या कपाटात वाचली. सुपर निन्टेंडोच्या छोट्या डब्यात 'स्टार फॉक्स २' नावाचा गेम आहे. तो नव्वदच्या दशकातच बनवून झाला होता, पण कंपनीनं तो बाहेर काढला नाही. अधिकृतपणे आला तो थेट २०१७ मध्ये. मधल्या काळात त्याच्या अर्ध्याकच्च्या प्रती फिरवत ठेवल्या त्या हौशी लोकांनी. जो गेम कुणीच विकत नाही, ज्याचा मालक कोण हेही धड सांगता येत नाही, तो कुणी जपून ठेवला आणि खेळला तर मी त्याच्याकडं बोट दाखवणार नाही.

पण आमचे दोन लाडके गेम या सत्त्याऐंशीत बसत नाहीत, ही खरी पंचाईत. कॉन्ट्राचा संच कोनामीनं २०१९ मध्ये संगणकासाठी काढला. टँक तर नामकोनं २०२० मध्ये आपल्या जुन्या गेमच्या दुसऱ्या संचात दिला, तोही संगणकावर विकत मिळतो. म्हणजे मालक जिवंत आहे, दुकान उघडं आहे, फक्त तो माल आपल्या करड्या डब्यात लावू द्यायची सोय त्यानं ठेवलेली नाही. मग 'विकतच नाही' म्हणून नेटवरून फुकट उचलणं हे मला पटत नाही. शिवाय कायदा नुसता नावाला नाही. २०१२ च्या दुरुस्तीनं आलेलं कलम ६५अ सांगतं की हक्कभंग करायच्या इराद्यानं कुलूप तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. कलम ६३ब चोरीचा प्रोग्राम माहीत असून वापरणाऱ्यासाठी आहे. मी वकील नाही. पण माझ्या वाचनात दोन्ही कलमांचा भर माणसाच्या जाणीवेवर आणि इराद्यावर आहे. घरात एकट्यानं टँक खेळणाऱ्याच्या दारात पोलीस उभा राहील असं मला वाटत नाही. तरी वर्दीतल्या माणसानं 'पकडतंय कोण' हा हिशेब मांडू नये. आम्ही पोरांना शिकवताना तोच हिशेब त्यांच्या डोक्यातून काढत असतो.

आता बाजाराबद्दल. शहरात हल्ली पेन ड्राइव्ह आणि मेमरी कार्ड मिळतात, 'दहा हजार गेम भरलेले'. ऑनलाइनही मिळतात. काही माजी सैनिकांनी मला विचारलं आहे की नातवासाठी घेऊ का. माझं उत्तर, घेऊ नका. एक तर तो दुसऱ्याचा माल विकून केलेला धंदा आहे, हौस नव्हे. जो हौशी माणूस रात्री जागून प्रोग्राम लिहितो तो पैसे घेत नाही, हा कार्डवाला त्याच्या आणि मूळ कंपनीच्या, दोघांच्याही जिवावर कमावतो. दुसरं, त्या कार्डात गेमबरोबर आणखी काय भरलंय हे कुणाला ठाऊक. अनोळखी पेन ड्राइव्ह संगणकाला लावायचा नाही, हे फौजेत रोज कानीकपाळी ओरडून सांगितलं जातं. तोच नियम घरच्या संगणकालाही लावा, कारण तुमची पेन्शन आणि बँक त्याच संगणकावर आहे. आणि सर्व्हिसमधल्या पोरांसाठी वेगळं सांगतो, गेम चढवायचं काम करायचंच तर सुट्टीत, घरी, स्वतःच्या लॅपटॉपवर. ऑफिसच्या संगणकाच्या आसपासही हा डबा किंवा त्याची केबल नेऊ नका.

तिसरं कारण खेळाचंच आहे. दहा हजार गेम असले की कुणी एकही खेळत नाही. मी हे एका ट्रान्झिट कॅम्पात पाहिलं आहे. तिथं असंच एक भरलेलं यंत्र होतं. पोरं यादी खाली-खाली सरकवत बसायची, एक गेम लावायची, तीस सेकंदांत बाहेर, पुढचा. अर्ध्या तासानं उठून जायची. आमच्या कॅसेटमध्ये पंधरा गेम होते म्हणून तर टँकच्या पस्तिसाव्या लेव्हलपर्यंत पोचलो. कॉन्ट्राचे तीस जीव मिळवायची ती वर-वर-खाली-खालीची खूण आजही बोटांना पाठ आहे, आणि ती पाठ झाली ती दुसरं करायला काही नव्हतं म्हणून.

मग आमच्या पोस्टच्या डब्याचं काय केलं? तो डबा माझा नाही, तो मनोरंजन खोलीच्या रजिस्टरवर चढलेला आहे, टीव्ही आणि व्हॉलीबॉलच्या नेटच्या खाली. स्वतःच्या घरी मी काय करतो हा माझा आणि माझ्या विवेकाचा मामला. रजिस्टरवरच्या वस्तूत मात्र ज्याची पावती दाखवता येईल किंवा ज्याच्या कर्त्यानं स्वतः फुकट दिलं आहे, तेवढंच जाईल, असं मी ठरवलं आणि कंपनी कमांडर साहेबांच्या कानावर घातलं. गेल्या सुट्टीत डबा घरी नेला. आधी मूळ प्रोग्रामची प्रत काढून ठेवली, कारण मध्येच काही बिनसलं तर परत आणायला तीच कामी येते. मग गेम चढवले.

आणि इथं मला स्वतःलाच एक नवी गोष्ट कळली. या चाळीस वर्षं जुन्या यंत्रासाठी आजही नवे गेम बनतात. जर्मनीतल्या दोन-चार हौशी माणसांच्या चमूनं २०१९ मध्ये 'मायक्रो मेजेस' नावाचा गेम काढला. मनोऱ्यावर चढत जायचं, जोडीदारांनी मिळून. त्यांनी स्वतःला अट घालून घेतली होती की सगळा गेम ४० केबीत बसला पाहिजे, पहिल्या मारिओएवढा. आणि ते लोक गेमची फाइलच विकतात. पैसे द्या, फाइल घ्या, जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या प्रोग्रामवर खेळा. एवढी साधी गोष्ट! याशिवाय कितीतरी जणांनी आपले गेम फुकट ठेवले आहेत, कर्त्याच्या नावानिशी. मी मायक्रो मेजेस विकत घेतला, सहा-सात फुकटातले निवडले, आणि तीसचे अडतीस करून डबा परत आणला. पहिले दोन दिवस पोरांनी नव्या गेमकडं ढुंकून पाहिलं नाही. तिसऱ्या रात्री आमचे स्वयंपाकी आणि सिग्नलचा एक पोरगा त्या मनोऱ्यावर इतके चढले की सकाळचा चहा वीस मिनिटं उशिरा आला.

कंपन्यांकडून मला एवढंच हवं आहे जे जर्मनीतल्या त्या हौशी मंडळींना जमलं. टँकची २४ केबीची फाइल काय भावानं विकायची ते नामकोनं ठरवावं. शंभर रुपये, दोनशे रुपये. पण विकताना सांगावं की ही घे, तुझ्या कुठल्याही यंत्रावर लाव. आठवण विकून पैसे केलेत ना, मग ज्याची आठवण तुमच्या यादीत बसली नाही त्याला निदान स्वतःच्या पैशानं ती पुरी करू द्या. डब्याला यूएसबीचं भोक आहेच, त्यातून फक्त वीज जावी असा देवाचा नियम नाही. आणि हे जोवर होत नाही तोवर आपल्यासारख्यांनी काय करावं, तर घरी संगणकावर तो संच विकत घेऊन खेळावा. मी घेतला आहे. माझी मुलगी टँक चालवते आणि मी गरुड राखतो. ती मला दर डावात किमान तीनदा गोठवते.

पोस्टवरच्या डब्यात मात्र अजून टँक नाही, आणि नायक अजून नाराज आहे. त्याचं म्हणणं, जो गेम सगळ्या हिंदुस्थाननं खेळला तो चोरीचा कसा. मी त्याला कलम ५२ समजावून सांगितलं, त्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, "साब, वो सब ठीक है, पर टैंक तो टैंक है." यावर माझ्याकडं उत्तर नव्हतं. टँकमध्ये स्वतःचा नकाशा रचायची सोय असते, तेरा बाय तेरा चौकोनांचा. त्यानं एक चौकटीची वही मागवून घेतली आहे आणि रात्री बुखारीजवळ बसून पेन्सिलीनं विटा, पाणी, झाडी भरत असतो, टँक येईल तेव्हा तयार असावं म्हणून. सतरा नकाशे झालेत, आणि सांगायला हरकत नाही, चांगले झालेत. गरुडाला तीन बाजूंनी आडोसा, मारा करायला दोन मोकळ्या वाटा. अठरावा बघितला तर त्यात आमच्याच पोस्टचा नकाशा होता, पाण्याच्या टाकीसकट. तेवढं पान मी फाडून बुखारीत टाकलं.